पासपोर्ट ओळखणारं तीर्थ

कुंभकोणमला महामहम तळ्याच्या बाजूला एक मंगल कार्यालय आहे. त्यात एका वेळी सहाशे माणसं जेवतात असं मालक सांगतो, म्हणजे चारशे धरा. त्या रविवारी तिथे हजार माणसं होती आणि जेवण नव्हतं. यावरून चमत्कार केवढा असेल ते समजा. दाराशी चपलांचा असा डोंगर झाला होता की बाहेर येताना ज्याला स्वतःच्याच चपला मिळतील त्याची खरी पुण्याई.

समोर मंचावर, वाघाचं कातडं छापलेल्या सतरंजीवर निर्मलपाद स्वामी बसले होते. खरं कातडं बाळगलं तर तुरुंग आहे हे त्यांना ठाऊक होतं. तेवढा एक कायदा त्यांना पाश्चात्त्य वाटत नसे. बाकी सगळं वाटे. त्यांचं प्रवचन तमिळमध्ये चालायचं. मी आपला आमच्या मराठीत सांगतो. पश्चिमेचा वारा म्हणे आधी केसांत शिरतो, केसांतून जिभेवर येतो, जिभेवरून थेट वंशात उतरतो. मुलगी जीन्स घालते, मग प्रश्न विचारते, मग विमानात बसते. या तिन्ही पायऱ्या एकाच जिन्याच्या. हे सारं ते कॉलरला लावलेल्या बिनतारी मायक्रोफोनमधून सांगत होते आणि तीन कॅमेरे ते जगभर पोचवत होते. मिरची, बटाटा आणि कॉफी यांबद्दल मात्र स्वामी अवाक्षर काढत नसत. कुंभकोणमात कॉफीला परदेशी म्हणणारा माणूस दुपारच्या गाडीनं परत जातो, हे त्यांना कुणीतरी आधीच सांगितलं असावं.

आता चमत्कार. मंचावर रुंद तोंडाची पितळी पातेली. त्यांत पिवळंधमक पाणी, नाव सुवर्णतीर्थ. त्यात हळद आहे हे कोणी लपवलं नव्हतं. हळद मंगल, लपवायचं काय? ज्याची परीक्षा त्यानं आपला पासपोर्ट स्वामींच्या पायाशी ठेवायचा. रघुराम नावाचा शिष्य डबीतून चिमूटभर पांढरं पावनचूर्ण तळहातावर द्यायचा. ते दोन्ही हातांना चोळायचं, डोळे मिटायचे आणि हात पातेल्यात बुडवायचे. शुद्ध माणसाचं तीर्थ पिवळंच राही. पश्चिमेनं बाटलेल्याचं तीर्थ डोळ्यांदेखत रक्तासारखं लाल होई. मग तो रडे, परदेशी जाणार नाही अशी शपथ घेई, पासपोर्ट तिथेच सोडी. स्वामी त्याच्यावरून लिंबू उतरून पातेल्यात पिळत आणि लाल पाणी पुन्हा पिवळं होई. हजार माणसांचा श्वास एकदम अडके, मग एकदम सुटे. पंख्याची गरज नव्हती.

पासपोर्टांची रास स्वामींच्या गुडघ्यापर्यंत आली होती.

त्या राशीत आणखी एक पडणार होता, म्हणून मी तिथे होतो. शिवप्रसाद माझ्या बहिणीचा मुलगा. तंजावरच्या राजांबरोबर आमचे पूर्वज इकडे आले आणि राजे गेले तरी आम्ही राहिलो. त्याची मुलगी मधुमिता. कावेरीच्या मुखाकडची शेतं समुद्राच्या पाण्यानं खारट होत चालली आहेत. खाऱ्या पाण्यात भात कसा टिकवायचा हे शिकायला तिला हॉलंडच्या विद्यापीठानं बोलावलं होतं. व्हिसा झाला होता. विमान पंधरवड्यावर आलं होतं. आणि पासपोर्ट बापाच्या कपाटात, कुलपात होता.

शिवप्रसाद काही पूर्वी असा नव्हता. सकाळी सारंगपाणीचं दर्शन, संध्याकाळी टीव्हीवर क्रिकेट, दोन्हीवर सारखीच भक्ती. मग त्याच्या फोनवर स्वामींची प्रवचनं येऊ लागली. एक ऐकलं की फोन आपणहून दहा पाठवी. आधी घरातला वाढदिवसाचा केक गेला. मग त्याची बायको गायत्री हिच्या स्कूटरची किल्ली देवघरात गेली. ती देवापुढे ठेवली असल्यामुळे मागायची कुणी?

मधुमितानं बापाला समजावलं होतं. मी समोरच बसलो होतो.

“अप्पा, हळदीत अल्कली पडला की ती लाल होते. आम्ल घातलं की परत पिवळी. शाळेतल्या मुलांना शिकवतात हे.”

“हेच तें,” शिवप्रसाद म्हणाला. “स्वामी हेंच सांगतात. पवित्र वस्तू समोर आली की तुम्हां लोकांस तिच्यात रसायन दिसतं. ही विद्या कुठली? पश्चिमेची.”

आता यावर काय बोलणार? चूक काढणारी विद्याच बाटलेली ठरवली की चूक उरतच नाही. स्वामींची खरी करामत पातेल्यात नव्हती, या वाक्यात होती. गायत्री स्वयंपाकघरातून ऐकत होती, पण अल्कली हे कुठल्या गावचं पाखरू ते तिला कोण सांगणार? शेवटी बापानं अट घातली. तीर्थ पिवळं राहिलं तर जा, लाल झालं तर पासपोर्ट स्वामींचा. पोरीनं मान्य केलं. कुलपातल्या पासपोर्टपेक्षा कुलपाबाहेरचा बरा, असा तिचा हिशेब.

कार्यालयात शिरलो तर पुरुष सगळे समोर आणि बायका मंचाच्या डाव्या अंगाला, पडद्याआड. पडदा म्हणजे बांबूला टांगलेलं हिरवं कापड. स्त्रियांची नजर तीर्थावर पडली तर तीर्थ कोमेजतं, असं शास्त्र स्वामींना कुठंसं सापडलं होतं; म्हणून परीक्षेच्या वेळी कॅमेरेही बंद. ज्या मुलींची परीक्षा असे त्यांना डोक्यावर पदर ओढून, डोळे मिटूनच वर आणत.

मधुमिताच्या आधी शिवप्रसादनं मला पुढं ढकललं. घराण्याची शुद्धता आधी स्वामींना दाखवावी, म्हणजे पोरीचं ओझं हलकं होईल, असा भाबडा विचार. म्हणाला, हे माझे तुकोजीमामा, यांना पासपोर्ट नाही, हे उभ्या जन्मात शेजारच्या तिरुविसनल्लूरच्या पुढं गेलेले नाहीत. हे खोटं होतं. मी स्वतःच सांगत असतो की मी सिंहलद्वीपाला पोहत जाऊन आलो आहे, पण माझ्यावर कोणी विश्वास ठेवत नाही.

रघुरामनं मला धोतरापासून शेंडीपर्यंत न्याहाळलं आणि चांदीच्या डबीतलं चूर्ण दिलं. मी हात चोळले, बुडवले. एका डोळ्यानं पाहत होतो. दोन्ही मिटायची मला सवय नाही.

तीर्थ लाल झालं.

लोक हळहळले, पण मला मौज दुसरीच दिसली. स्वामींनी रघुरामकडे पाहिलं, रघुरामनं डबीकडे. दोघांच्याही चेहऱ्यावर लिहिलं होतं की हे ठरलेलं नव्हतं. स्वामी मुरलेले खरे; घसा साफ करून म्हणाले की या वृद्धानं आयुष्यभर आंग्ल भाषेचं विष चोरून प्यायलं आहे. मी म्हटलं, सामी, मी इंग्रजीत फक्त बसचा नंबर वाचतो. पुढच्या रांगा हसल्या. स्वामींनी घाईघाईनं लिंबू पिळलं आणि मला बाजूला केलं.

बाजूला होताना मी अंगठा नाकाला लावला. चुना. आमच्या गावचं पान म्हणजे लोण्यासारखं, ते खाल्ल्याशिवाय मला प्रवचन ऐकवत नाही. आत शिरताना विडा लावला होता आणि नखाशी चुना राहिला होता. मग माझ्या ध्यानात आलं की डब्या दोन आहेत. आमच्यासारख्या म्हाताऱ्यांना चांदीची. पासपोर्टवाल्यांना मघापासून पितळेची.

हे ओरडून सांगावं म्हटलं, तर सांगणारा कोण? तुकोजी. पोहत सिंहलद्वीपाला गेलेला. आयुष्यभर थापा मारण्याचा तोटा हा की खरं सांगायची वेळ आली तर साक्षीदार भाड्यानं आणावा लागतो.

तोवर मधुमिताला वर आणलं होतं. शिवप्रसादनं पासपोर्ट राशीजवळ ठेवला. मग तो उचलला आणि परत ठेवला. काही झालं तरी त्यानं तिला लहानपणी सायकलच्या दांडीवर बसवून शाळेत नेलं होतं. रघुरामनं पितळेची डबी उघडली. पोरीनं हात बुडवले आणि पाणी लाल झालं, आधीच्या सगळ्यांपेक्षा लाल. शिवप्रसादनं पासपोर्ट राशीवर सरकवला.

मी पडद्याकडे निघालो होतो, गायत्रीला सांगायला. एका स्वयंसेवकानं छातीवर हात ठेवून अडवलं. पुरुषांनी तिकडे जायचं नाही. तेव्हा मला घेरी आली. मला घेरी छान येते. मी बांबू धरला, बांबू कलला, आणि पडदा मला घेऊन खाली आला.

दोनशे बायका उघड्यावर आल्या. मंच त्यांच्यापासून चार हातांवर होता. इतका वेळ त्यांनी नुसते हुंकार ऐकले होते, आता पहिल्यांदा पातेलं दिसलं. मग मागच्या बाजूला कोणीतरी फिस्सकन हसलं.

गायत्री उठली. पडलेल्या कापडावरून, म्हणजे जवळजवळ माझ्यावरून, ती मंचावर गेली. पातेल्यात वाकून पाहिलं.

“मधू, डोळे उघड गे,” ती म्हणाली. मग स्वामींकडे वळून अगदी शांतपणे तमिळमध्ये, “सामी, हे तर आमचं आरतीचं पाणी.”

आणि दोनशे बायका हसल्या.

महाराष्ट्रातल्या वाचकांसाठी सांगतो. इकडे नवरानवरी दारात आली, बाळंतीण घरी आली, की ताटात लाल पाणी घेऊन ओवाळतात आणि ते उंबऱ्याबाहेर ओततात. दृष्ट जाते म्हणतात. ते पाणी हळदीचं. त्यात बोटभर खायचा चुना कालवला की लाल होतं. ही गोष्ट कुंभकोणमातल्या प्रत्येक बाईला ठाऊक, कारण ते तिनंच कालवलेलं असतं. आणि आम्ही पुरुष? आम्ही त्या ताटापुढं फेटा बांधून उभे राहिलो, ओवाळून घेतलं, आत गेलो. पाणी लाल का, हे एकालाही विचारावंसं वाटलं नाही. मी स्वतः आजवर ते कुंकू समजत होतो. ज्यांना माहीत त्या पडद्यामागे आणि ज्यांना माहीत नाही ते पहिल्या रांगेत, अशी बैठक असल्यावर चमत्कार चालणारच.

स्वामी गरजले की स्त्री मंचावर आली, तीर्थ भ्रष्ट झालं. गायत्रीनं तिकडे लक्ष दिलं नाही. “मामा, चुना,” म्हणाली. मी कापडाखालून माझी चुन्याची डबी वर केली. तिनं पिवळ्याच राहिलेल्या एका पातेल्यात चुन्याचं बोट फिरवलं, पाणी लाल. स्वामींच्याच ताटातलं लिंबू त्यात पिळलं, पाणी पिवळं. मग रघुरामच्या हातातून दोन्ही डब्या घेतल्या. चांदीच्या डबीतली चिमूट एका पातेल्यात: काही नाही. पितळेच्या डबीतली दुसऱ्यात: लाल. रघुराम मागच्या दाराचं अंतर डोळ्यांनी मोजत होता.

“हा पाश्चात्त्य कावा आहे,” स्वामी म्हणाले.

“मला हें सासूबाईंनी शिकवलं,” गायत्री म्हणाली. “त्यांना त्यांच्या सासूनं. यातली पश्चिम कुठली, तेवढी दाखवा.”

मुलीनं सांगितलं तेव्हा ती परदेशी विद्या होती. आईनं तेच सांगितलं, तर तिला कुठल्या देशाला पाठवणार? स्वामी मायक्रोफोनमध्ये मंत्र पुटपुटत मागच्या दारानं गेले आणि कॉलरचा मायक्रोफोन चालूच राहिल्यामुळे ड्रायव्हरला दिलेल्या शिव्या आम्ही सर्वांनी भक्तिभावानं ऐकल्या. गाडी जर्मन बनावटीची होती. मंत्रानं सुरू होत नसावी.

मग राशीवर झुंबड. मुली, मुलगे, त्यांचे बाप, सगळे पासपोर्ट उघडून फोटो पाहताहेत, आणि पासपोर्टावरचा फोटो असा की आईलाही लेकरू ओळखू येऊ नये. तासभर अदलाबदल चालली. शिवप्रसाद मात्र खांबाला टेकून बसून राहिला. माणसाला फसवलं गेल्याचं दुःख फार नसतं. बायकोच्या देखत फसवलं गेल्याचं असतं. गायत्रीनं पासपोर्ट शोधून मुलीला दिला नाही, त्याच्या मांडीवर ठेवला आणि स्कूटरची किल्ली मागितली. घरी जाऊन घे, म्हणाला. ती रिक्षा करून पुढं गेली.

आता माझं सांगणं, थापाड्याचं सांगणं म्हणून घ्या. देवावर श्रद्धा ठेवा, मीही ठेवतो, आणि आपल्या चालीरीती जपा. पण जो कोणी म्हणेल की प्रश्न विचारणं ही पश्चिमेची खोड आहे, त्याच्या हातात कुठलीतरी डबी आहे असं खुशाल समजा. जो माणसांची वाटणी करतो, हे शुद्ध आणि हे बाटलेले, यांनी पाहायचं आणि त्यांनी नाही, त्याच्या पातेल्यात स्वतः बोट घालून पाहा. चव घ्या, वास घ्या, शेजारणीला बोलवा. खरं असेल ते चार डोळ्यांनी पाहिल्यानं कोमेजत नाही. आणि शहाणपणाला दिशा नसते; ते हॉलंडात आहे आणि आपल्या माजघरातही आहे, फक्त विचारायची लाज सोडली पाहिजे.

शिवप्रसादनं ती सोडायला तीन दिवस घेतले. कॉफी मात्र वेळेवर प्यायला. चौथ्या दिवशी मधुमिता ओसरीवर बॅग भरत होती. हा दारात येऊन उभा राहिला. मग पासपोर्ट तिच्यापुढे धरून, तिच्याकडे न बघता, गेल्या कित्येक महिन्यांतला पहिला प्रश्न त्यानं विचारला.

“तिकडे थंडी किती असते गे?”