एक माणूस जास्त

हॉस्पिटलच्या औषधभांडारात चौदा वर्षं काढली की जगात दोनच प्रकारची माणसं दिसू लागतात: मोजून घेणारी आणि न मोजता सही ठोकणारी. सूनबाई पहिल्यातली. घरात तिला सगळे सूनबाईच म्हणत, चेष्टेच्या लहरीत असला की नवरासुद्धा. तो दुसऱ्या प्रकारातला. लिफ्ट दुरुस्त करायचा, चार स्क्रू काढून तीन बसवायचा, उरलेला खिशात टाकून ‘चालतंय की’ म्हणत घरी यायचा. त्या लिफ्ट खरंच चालायच्या, हे सूनबाईचं मोठं दुःख.

तिसरे मामंजी. आयुष्यभर लोकांची घड्याळं दुरुस्त केली, आणि म्हातारपणी स्वतःचा काळच हातातून निसटला. मुलाला कधी धाकटा भाऊ समजत, कधी उधार मागायला आलेलं गिऱ्हाईक. सासूबाई जाऊन नऊ आठवडे झाले होते. ती बातमी त्यांना चार वेळा सांगून झाली होती, आणि चारही वेळा त्यांनी हळहळून विचारलं होतं, “अरेरे! कोण हो त्या?” मग सांगणं बंद झालं.

सासूबाई शेवटची दोन वर्षं खोलीबाहेर पडल्या नव्हत्या. पलंगाशेजारी कॉम्प्युटर होता, आणि त्यात गाव वसवायचा एक खेळ. रिकामं माळरान मिळतं, आपण रस्ते काढायचे, घरं बांधायची, माणसं आणून ठेवायची. त्या वसवत, आणि मामंजी शेजारच्या खुर्चीवर बसून खुसपटं काढत. “पूल तिथं कशाला? नदी इकडे, तुमचं डोकं तिकडे.” “दवाखान्यासमोर बेकरी? छान. खा आणि दाखल व्हा.” दोघांची जेवणं तिथंच व्हायची.

तेवढी सवय उरली होती. पडद्यावर गाव चालू असलं, बारकी माणसं रस्त्यांवरून ये-जा करत असली, की मामंजी सूनबाईच्या हातून निमूट जेवत. गाव बंद, की तोंड बंद. मग समोर अमृत धरा, दातखीळ सुटायची नाही.

आणि कॉम्प्युटर तर म्हातारा झालेला. पंखा असा घरघरायचा की शेजारीण विचारायची, पिठाची गिरणी टाकलीत का. एका सोमवारी तो दिवसभर उठलाच नाही. मामंजी दीड दिवस उपाशी राहिले. मंगळवारी रात्री नवऱ्याने त्यांचं मनगट हातात घेतलं, आणि बुधवारी नवा कॉम्प्युटर घेऊन आला.

गाव हलवायला कॉम्प्युटरवाला आला. चहा घ्यायच्या आधीच त्याने निम्मं काम उरकलं.

“वहिनी, गाव म्हणजे एक फाइल. सेटिंग म्हणजे दुसरी. दोन्ही तिकडून उचलल्या, इकडे ठेवल्या, झालं. फक्त एक करा. इकडे सुरू झालं की तिकडचं उघडू नका.”

“का?”

“दोन गावं होतील. हे पुढं जाईल, ते मागं राहील. मग खरं कुठलं, हे मला विचारू नका.”

हे तिला सांगायची गरज नव्हती. जुनं रजिस्टर मिटल्याशिवाय नवं उघडायचं नाही, हे तिनेच भांडारात आलेल्या तीन मदतनिसांना रडवून शिकवलं होतं. पण घरी शिस्तीपेक्षा धास्ती मोठी. नव्याचा भरवसा काय? जुनं तिने तसंच ठेवलं. हलवण्याआधी मात्र सवयीने कागदावर उतरवून घेतलं: घरं एकशे सदतीस, पूल तीन, माणसं चारशे अकरा.

नव्यावर गाव उघडलं. घरं एकशे सदतीस. पूल तीन. माणसं चारशे बारा.

“एक जास्त आहे,” सूनबाई म्हणाली.

“एखादं बाळ झालं असेल. अभिनंदन.”

“फाइल उचलून ठेवताना बाळंतपणं होत नाहीत.”

“अहो, जास्तच आहे ना? कमी असतं तर बोलला असतात.” कॉम्प्युटरवाल्याने पिशवी उचलली. तोही दुसऱ्या प्रकारातला निघाला.

जास्त म्हणजे काय, हे भांडारात न बसलेल्याला कळणार नाही. कमी भरलं तर चोर सापडतो, गेलाबाजार उंदीर तरी. जास्त भरलं तर काय शोधायचं? चौदा वर्षांत तिने तेवढ्या एकाच गोष्टीची भीती बाळगली होती.

त्या दुपारी मामंजी नव्या पडद्यासमोर बसले. डोळे बारीक करून नदीच्या टोकाकडे बघत राहिले. चेहऱ्यावर असं काही उमटलं, जे तिने नऊ आठवड्यांत पाहिलं नव्हतं.

“आली वाटतं,” ते म्हणाले.

“कोण, मामंजी?”

“कोण काय कोण.” आणि त्यांनी समोरचा घास हाताने बाजूला सारला. “माझं झालंय.”

“कुठं झालंय? सकाळचा चहा तेवढा पोटात आहे.”

“अगं, झालं म्हणतोय ना. तिकडे जेवलो.”

ते झोपल्यावर तिने माणसं तपासायला घेतली. खेळात माणसावर माउसचा बाण ठेवला की नाव, धंदा, घर दिसतं. गल्लीमागून गल्ली, कपाटामागून कपाट तपासावं तशी. बेकरीवाला, पोस्टमन, दवाखान्यातल्या सहा नर्सा. चारशे अकरा जणांच्या नावापुढे तिने खूण केली. चारशे बारावी नदीच्या टोकाच्या घरात होती. नावाची जागा कोरी. धंद्याची कोरी. एक बाई दारातल्या झाडांना पाणी घालत होती, आणि झारी तिच्या डाव्या हातात होती.

सूनबाईने उरलेल्या सगळ्यांचे हात पुन्हा पाहिले. खेळ बनवणाऱ्याने त्यांना एकाच साच्यातून काढलं होतं. सगळे उजवे.

सासूबाई डावखुऱ्या होत्या.

त्यात काही नाही, तिने स्वतःला बजावलं. सेटिंग त्यांची, तीच आली. माउसची बटणं उलटी, अक्षरं मोठी, आवाज बंद. सगळं त्यांच्या सोयीचं. पण दुसऱ्या दिवशी नवरा नव्यावर कामाचा कागद काढायला बसला, तर खेळ बंद असूनही माउस उलटा आणि अक्षरं आंब्याएवढी. तिने कॉम्प्युटरवाल्याला फोन लावला.

“खेळाची सेटिंग खेळापुरती, वहिनी. अख्ख्या मशीनला लागत नाही.”

“लागलीय.”

“मग तुम्हीच कुणीतरी बदलली असेल.”

तिने सगळं सरळ केलं. दुसऱ्या दुपारी पुन्हा उलटं. असं पाच दिवस चाललं. सहाव्या दिवशी ती माउस डाव्या हातात धरायला शिकली, आणि आपण शिकलो हे लक्षात आल्यावर हात झटकून उठली.

मामंजी मात्र खुशीत. तीन ते पाच खुर्ची सोडत नसत. हळू आवाजात बोलत, मध्ये थांबत, हसत, पुन्हा बोलत. पूल चुकीच्या जागी आहे हे पुन्हा पुन्हा ऐकवत. अन्नाला शिवत नव्हते. “झालं”, “पोट भरलंय”, “आज तिनं आग्रह केला गं.” सदऱ्याच्या गळ्यात आता दोन बोटं सहज जात होती. डॉक्टर घरी येऊन गेले, नाडी, रक्त, सगळं पाहिलं, वयाला नावं ठेवली आणि गेले.

“जुनंच लावून बघूया,” नवरा म्हणाला.

“लावलं. पंधरा मिनिटं चाललं. त्यांनी बघितलं आणि तोंड फिरवलं. म्हणाले, हिथं कुणी नाही.”

“मग दोन्ही राहू दे की. नक्कल काढून ठेव कुठंतरी.”

“काढली. तीन वेळा. पेन ड्राइव्हवर, तुमच्या कामाच्या मशीनवर, आणखी एका फोल्डरमध्ये. उघडलं की चारशे अकरा. एक माणूस येतच नाही नकलेत.”

लिफ्टवाला पहिल्यांदाच ‘चालतंय की’ म्हणाला नाही.

नदीच्या टोकाचं घर दिवसागणिक सजत होतं. आधी दारात एक खुर्ची होती, मग दोन झाल्या. मग भिंतीला लागून एक अरुंद टेबल, ज्यावर काही बारीक वस्तू मांडलेल्या. तिने चित्र मोठं करून पाहिलं, तर दातेरी चकत्या, चिमटे, एक भिंग. घड्याळजीचं टेबल. हे कुणी बांधलं? माउसला मामंजींचा हात लागत नव्हता, आणि तिने तर काहीच बांधलं नव्हतं.

गुरुवारी पावणेपाचला, खेळ बंद करायच्या आधी, तिने सवयीने त्या घरावर बाण ठेवला. जागा दोन. राहतात एक. आणि खाली एक नवी ओळ:

नवा रहिवासी उद्या येत आहे.

शेजारी मामंजी मान डोलवत म्हणाले, “उद्या जरा लवकर उठव मला.”

शुक्रवारी तिने रजा टाकली. चौदा वर्षांतली ही सातवी. आधीच्या सहांची कारणं तिला तोंडपाठ होती, या रजेच्या अर्जावर तिने ‘घरगुती’ एवढंच लिहिलं. मामंजींना उठवायची वेळच आली नाही. ते आधीच दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून बसले होते. मांडीवर हत्यारांची चामडी पिशवी. मुलाला त्यांनी नावाने हाक मारली नाही, पण पाठीवर हात फिरवला. असा, जसा निघताना फिरवतात.

नवऱ्याने तिच्याकडे पाहिलं. “आज गाव लावूच नकोस.”

“न लावून काय होणार? परवा लावलं नव्हतं तरी यांचं जेवण झालंच होतं. आपण बंद करतो, तिकडे काही बंद होत नाही.”

“मग?”

“मग जास्तीचं कमी करायचं.” भांडारात बोलावं तसं ती बोलली, कारण दुसऱ्या कुठल्याही आवाजात हे वाक्य तिच्याच्याने निघालं नसतं.

जुना कॉम्प्युटर चौथ्या खेपेला उठला. घरघरत, धापा टाकत. तिने त्यातली चारशे अकरावाली फाइल उचलली, पेन ड्राइव्हवर घेतली आणि नव्यापाशी आली. तीनला पाच मिनिटं होती. मामंजी खुर्चीवर सरसावून बसले होते. पडद्यावर नदीच्या टोकाच्या घरात दिवा लागला होता, भर दुपारी.

खेळ मागे ढकलून तिने फाइल जागेवर ठेवली. कॉम्प्युटरने चौकट पुढे केली:

याच नावाची फाइल इथे आहे. तिच्या जागी ही ठेवायची?

तिने माउस धरला. हात डावा होता. तिने तो काढून उजवा ठेवला.

“सूनबाई.” मामंजींचा आवाज अगदी मऊ. “पाचच मिनिटं थांब गं. ती दार उघडतेय.”

तिला दोन्ही दिसत होतं: सासूबाईंचा तो हात, शेवटच्या आठवड्यात तिच्या हातातला, वाळलेल्या पानासारखा हलका, आणि मामंजींच्या सदऱ्याचा गळा. एका बाजूला गेलेलं माणूस, एका बाजूला जाऊ घातलेलं. ताळा करायचा असेल तर एकच बाजू धरता येते.

“माफ करा, आई,” ती पुटपुटली आणि होकाराचं बटण दाबलं.

काही झालं नाही. दिवे गेले नाहीत, कुणी ओरडलं नाही. पंख्याची घरघर तेवढी दुसऱ्या खोलीत थांबली. जुना कॉम्प्युटर बंद पडला होता. तिने गाव पुन्हा उघडलं. घरं एकशे सदतीस, पूल तीन, माणसं चारशे अकरा. नदीच्या टोकाच्या घराच्या खिडक्या काळ्या होत्या. दारात खुर्ची नव्हती, टेबल नव्हतं. झाडं मात्र ओली होती.

मामंजी बराच वेळ पडद्याकडे बघत राहिले. मग पिशवी खाली ठेवली.

“भूक लागलीय,” म्हणाले.

तिने ताट आणलं. ते स्वतःच्या हाताने जेवले, पडद्याकडे पाठ करून. दुसऱ्यांदा वाढून घेतलं. तिसऱ्यांदाही. मीठ कमी आहे म्हणाले. नवरा दारात उभा राहून बघत होता आणि त्याला हसावं की रडावं कळत नव्हतं. मामंजींनी त्याला त्याच्या नावाने हाक मारली आणि पाणी मागितलं. सूनबाईने ओढणीने डोळे पुसले. हरवलेला माल सगळाच्या सगळा परत मिळाल्यासारखं तिला वाटलं.

ते उठले, हात धुतले, टॉवेलला पुसले. परत येऊन तिच्यासमोर बसले. डोळे स्वच्छ, घड्याळाच्या काचेसारखे. इतक्या स्पष्ट नजरेने त्यांनी तिच्याकडे दोन वर्षांत पाहिलं नव्हतं.

“तुझ्या सासूला जाऊन किती दिवस झाले?”

ती चपापली. “अकरा आठवडे, मामंजी.”

“हं.” त्यांनी मान हलवली. गालावरून पाणी ओघळलं, ते त्यांनी पुसलं नाही. “गेली हे मला आत्ता कळलं. शेवटी मी होतो ना जवळ?”

“होतात. हात धरून होतात.”

“मग ठीक.” त्यांनी चामडी पिशवी पायाने बाजूला सारली. मग पुढे झुकले आणि मुलाला ऐकू जाणार नाही इतक्या हळू विचारलं,

“ती अकरा आठवड्यांपूर्वीच गेली, तर मघाशी दार उघडत होतं ते कोण गं?”