केरबांचे सिनेमातले मरण

कोल्हापूरच्या स्टुडिओत गोणपाटाच्या भिंती उभारण्यात हयात घालवलेल्या नृसिंहराव दिग्दर्शकांना उतारवयात अस्सलपणाचा ध्यास लागला, आणि गगनबावड्याच्या वाटेवरच्या एका गावी, केरबा पाटलांच्या अंगणात, त्यांनी कॅमेरा आणून उभा केला. प्रसंग अंत्ययात्रेचा होता. मात्र ज्या नटाने मरायचे, तोच ऐन वेळी अडून बसला. स्टुडिओत तो अनेकदा बिनतक्रार मेला होता. परंतु खऱ्या अंगणात, खऱ्या तिरडीवर निजायला त्याची छाती होईना.

"त्यात काय! मी निजतो की!" केरबा पुढे सरसावले.

यात परोपकार नव्हता. आपल्या माघारी आपली बायको तानाबाई काय बोलेल, हे ऐकण्याची केरबांना फार हौस होती. आपण तिला काही कमी पडू दिले नाही, याविषयी त्यांची खात्री होती. तिला विचारण्याचा प्रसंग मात्र आला नव्हता, कारण तिचे वाक्य पुरे होईपर्यंत थांबण्याची त्यांना सवय नव्हती.

मग रडायलाही खरीच बायको हवी, असे नृसिंहरावांनी ठरवले. "जित्या नवऱ्यावर रडू व्हय?" तानाबाई बिथरली.

"अगं, खोटं मरान आलं की आयुष्य वाढतंय."

"म्हंजे आनखी माझ्याच डोस्क्यावर बसनार की!"

अखेर कुंकू पुसणार नाही, या अटीवर ती पदर पुढे ओढून तिरडीपाशी बसली.

"बाई, अभिनय नको. मनात येईल ते बोला," नृसिंहराव म्हणाले. मग केरबांना बजावले, "आणि पाटील, तुम्ही हललात तर फिल्म वाया जाईल."

कॅमेरा सुरू झाला. शेजारच्या शालूबाईने गळा काढला, "देवमानूस गेला गं बाई!" केरबा मिटल्या डोळ्यांनी सुखावले. मग तानाबाईचा सूर लागला.

"अवो धनी, माझी आई गेली तवा गुऱ्हाळ लागलंय म्हनलासा! दहाव्याला बी धाडलं न्हाईसा! चुलीफुडं बसून, धुराच्या निमतानं रडलो वो मी!"

केरबांपाशी उत्तर तयार होते. उसाचा रस कढईत उकळत असता घरची बाई कोण धाडतो? पण मेलेल्या माणसाला खुलासा करता येत नाही. ती बोलत राहिली, आणि लग्नानंतर प्रथमच त्यांनी तिचे म्हणणे मधे न तोडता ऐकले.

"कट!" नृसिंहराव कडाडले. "अहो, प्रेताच्या डोळ्यांतून पाणी?"

"ऊन लागलं," केरबा पुटपुटले.

"पुन्हा घेऊ. बाई, तेच तसंच म्हणा."

"त्ये झालं की सांगून," तानाबाई शांतपणे म्हणाली. "आता दुसरं कायतरी म्हनतो."

दुसऱ्या खेपेस तिने शालूबाईचाच कित्ता गिरवला. धनी देवमाणूस होते, कधी टाकून बोलले नाहीत, फुलासारखे जपले. ऐकायचे होते ते सारे केरबांना शब्दशः ऐकायला मिळाले, आणि त्यातल्या एकाही शब्दावर त्यांचा विश्वास बसला नाही.

"वा! याला म्हणतात काळजातलं रडणं!" नृसिंहराव गहिवरले.

मंडळी सावलीला जाऊन बसली. तानाबाई तिरडीची दोरी सोडू लागली. केरबा उठले नाहीत.

"मगाचं ऱ्हायलेलं सांग की," ते हळूच म्हणाले. "मी मधे बोलनार न्हाय."

"उठा आता," पदर खोचत ती म्हणाली. "ह्या समद्यास्नी च्या टाकायचाय."