आल्तारच्या फळीत राहिलेलं नाव

“पुसू का टाकू, एकदाचं सांगून टाका,” रोझलीन पुटपुटली. “शेजारनी विचारतात, कपड्याखाली काय झाकलंय? काय सांगू, आमच्या घरवाल्याचा जादा कान हाय म्हनून?”

आणि तिने ओल्या फडक्याने माझी पाठ पुसली. तब्बल सहा वर्षांनी.

मित्रांनो, तो जादा कान म्हणजे मी. पाचूबंदरच्या या घरात, शिलाई मशीन आणि मासळीच्या टोपल्या यांच्या मधल्या हातभर जागेत माझा मुक्काम असतो. वस्तूंमध्ये मुरलेली जुनी थरथर ऐकायची आणि ऐकवायची, हे माझं काम. मला नाव कोणी ठेवलं नाही. घरात सगळे ‘ते’ म्हणतात.

मला घडवलं ऑगस्टीनने, रोझलीनच्या नवऱ्याने. तो बोटींच्या इंजिनांचा मिस्तरी. त्याची एक पद्धत होती. लांब पेचकसाचं टोक चालू इंजिनावर टेकवायचं, लाकडी मूठ कानामागच्या हाडावर दाबायची आणि डोळे मिटायचे. मग तो सांगे, “दुसऱ्या नंबरचं बेरिंग गेलंय.” इंजिन उघडलं की तेच गेलेलं असे. पुढे गुडघ्यांनी दगा दिला, एका बोटीवरून दुसरीवर उडी मारणं बंद झालं. घरी बसल्या बसल्या त्याला वाटलं, इंजिन आजचं दुखणं सांगतं, तर लाकूड कालचं का सांगणार नाही? त्याने तोच पेचकस माझं बोट म्हणून बसवला, जुन्या स्पीकरचा पडदा लावला, बोटीच्या डागडुजीतून उरलेल्या सागाच्या फळ्यांची पेटी केली. झालो मी.

माणूस ज्या वस्तूजवळ रोज बोलतो, गातो, रडतो, ती वस्तू इवलीशी थरथरते आणि ती थरथर तिच्यात राहून जाते. जुन्या लाकडात जास्त राहते, पितळेत थोडी. प्लॅस्टिकच्या खुर्चीत काही म्हणजे काही राहत नाही, मग तिच्यावर कितीही माणसं बसून जावोत.

माझेही चांगले दिवस होते. शेजारच्या मटिल्डाने वडिलांचा जेवायचा पाट आणला. जेवायला बसण्यापूर्वी ते एकदा खाकरत, तेवढंच मला ऐकवता आलं. ती दुपारभर तेवढंच ऐकत बसली. डेरिकने ऑफिसचा स्टीलचा डबा आणला. त्यात काहीच निघालं नाही. “नशीब त्याच्या बायकोचं, डबा खाताना तो तिला काय काय बोलतो ते न्हाय निघालं,” रोझलीन म्हणाली. मनवेलपाड्याची नेहल जुन्या बाजारातून घेतलेलं लाकडी कपाट टेम्पोत घालून घेऊन आली. त्या कपाटात कोणी अनोळखी मुलगी दारं लावून पाढे म्हणत बसायची. तेराचा पाढा, पुन्हा पुन्हा, अगदी हळू. नेहलने जाताना कपाटाला चादर गुंडाळली, जणू त्याला थंडी वाजेल.

सणाच्या प्रदर्शनात मला हार घातला गेला. लोक माझ्यातून आपापल्या माणसांशी बोलत. माझ्याशी मात्र कोणी बोललं नाही. मला किती आवाज पाठ आहेत, पण त्यातला एकही माझ्यासाठी काढलेला नाही.

मग आईच्या वर्षश्राद्धाच्या मिस्साहून परतल्यावर ऑगस्टीनने मला उचललं आणि घरातल्या आल्तारच्या, म्हणजे देव्हाऱ्याच्या, फळीला माझं बोट लावलं.

आता त्या फळीची गोष्ट सांगायला हवी. ऑगस्टीनला एक धाकटा भाऊ, फर्डिनंड. ऑगस्टीन घरच्या बोटीचं इंजिन सांभाळायचा, फर्डिनंड बोट हाकायचा. मोसम सुरू व्हायला चार दिवस असताना फर्डिनंड परदेशी जहाजावरची नोकरी धरून निघून गेला. तो अख्खा मोसम बोट किनाऱ्यावर पडून होती. घरात रोज संध्याकाळी आल्तारपुढे रोझरीची प्रार्थना होई आणि शेवटी आई घरापासून लांब असलेल्यांची नावं घेई, प्रत्येकासाठी एक नमो मारिया. फर्डिनंडचं नाव एक दिवस बंद झालं. ऑगस्टीनने त्याला फोनवर कळवलं, “आयने तुझं नाव काढलंय. येऊ नको.” तो आईच्या मातीलाही आला नाही.

फळीतून मी जसंच्या तसं ऐकवलं. ऑगस्टीनचाच आवाज, दहा वर्षं तरुण: “आये, त्याचं नाव या घरात घ्यायचं न्हाय. घेतलंस तर मी तुझ्या बाजूला गुडघ्यावर बसनार न्हाय.” त्यानंतर नऊ वर्षं रोज तेच. आई बाकीची नावं घेते, थांबते. फळीवर बोटाच्या पेराने तीन ठोके. मग बिननावाचं एक नमो मारिया.

ऑगस्टीनने मला बंद केलं आणि वर कपडा टाकला. इतकी वर्षं तो आईवर ढकलून सांगत आला होता. मला वाटतं, त्याला स्वतःलाही ते खरं वाटू लागलं असावं. रोझलीन दारात होती. तिने ऐकलं, आणि भात बघायला आत गेली.

आज रोझलीनने मला पुसलं आणि थोड्या वेळाने फर्डिनंड आला, नाव बंद झाल्यापासून पहिल्यांदाच. केस पांढरे, हातात खजुराचा डबा, चप्पल उंबऱ्याबाहेर काढून अवघडून बसलेला. चहा झाला. कोणाचे गुडघे कसे आहेत ते झालं. बंदरातल्या गाळावर बोलणं झालं. मग त्याची नजर माझ्यावर आली.

“दादूस, हे तुझं यंत्र ना? एकदा आयचा आवाज ऐकव. मला शिव्या देत असली तरी चालेल.”

“बिघडलंय ते,” ऑगस्टीन म्हणाला.

“मिस्तरीच्या घरात?”

“म्हातारं झालंय.”

रोझलीनने कप गोळा केले, पण आत गेली नाही. कप हातात धरून तिथेच उभी राहिली. मी बिघडलेला नाही, हे मला ओरडून सांगावंसं वाटलं. पण माझ्याकडे दुसऱ्यांचेच आवाज आहेत.

मित्रांनो, जुन्या वस्तू टाकू नका, त्यांना अधूनमधून पुसत जा, एवढी विनंती मी करतोच. त्याहून मोठी विनंती अशी की जे आपल्या तोंडाने सांगायचं आहे, ते आमच्यावर सोपवून जाऊ नका. आम्ही आवाज सांभाळू शकतो, माफी मागता येत नाही आम्हाला.

“बरं, निघतो मी,” फर्डिनंड म्हणाला. “तिने काढलं ते काढलं. तिचा हक्क होता.” तो उठून चपला शोधू लागला.

ऑगस्टीन भिंतीला धरून उभा राहिला. त्याचा हात माझ्या बटणापर्यंत आला आणि तिथेच थांबला. मग त्याने तो मागे घेतला.

“फर्डी, आयने न्हाय काढलं तुझं नाव,” तो म्हणाला. “मी काढायला लावलं.”