ही गोष्ट कुणाची?

“बाई, माझी गोष्ट तुमाला कोनी सांगितली?” चहाची किटली हातात धरूनच हरेश मागून ओरडला आणि वाचनालयाच्या हॉलमधल्या सगळ्या माना मागे वळल्या.

हरेशची वड्यांची गाडी पनवेलच्या एसटी स्टँडजवळ. वाचनालयाच्या कार्यक्रमाला चहा-वडे त्याचेच. साहित्याशी त्याचा संबंध तेवढाच. आज लेखिका अनुयाताई करोनावरची कथा वाचत होत्या. कथेतल्या माणसाला बायको प्लास्टिकमध्ये गुंडाळूनच मिळते, चेहरा दिसत नाही. तो अग्नी देतो आणि घरी येऊन दारात तिची वाट बघत बसतो. त्या प्लास्टिकच्या आत भलतीच कुणी असली तर?

हरेशच्या बायकोला, रूपालाही असंच नेलं होतं. ती गेली, हे त्याच्या तोंडून आजवर निघालं नव्हतं. कुणी विचारलं की “घरी नाय ती” म्हणायचा. भावानं श्राद्धाचं नाव काढलं, तेव्हापासून भावाशी अबोला.

“अहो, कथा काल्पनिक आहे. मी तुम्हाला ओळखतही नाही.”

“मंग तो दारात बसतो ह्ये कसं कललं? आमच्या भावानं चुगली केली ना?”

“ए हरेश, बस खाली!” चपलांच्या दुकानाचे खलीलभाई उठले. “तुझी कशी? माझ्या अम्मीची गोष्ट आहे ही. आखरी दीदारसुद्धा झाला नाही. मॅडमनी अम्मीच्या जागी बायको घातली, बस.”

“दोघंही गप्प बसा,” निवृत्त शिक्षिका प्रमिलाबाई कडाडल्या. “ही आमच्या ह्यांची आहे!”

झालं, तिघांत जुंपली. अध्यक्षांनी शांततेसाठी टेबल बडवलं आणि मग हळूच म्हणाले, “तसं पाहिलं तर, माझ्या भावाचंही असंच झालं होतं.”

अनुयाताईंना घाम फुटला. त्या बिचाऱ्या कागद आवरू लागल्या.

“पळता कुठे? शेवट वाचा,” खलीलभाईंनी दरडावलं. “तो उठतो की बसूनच राहतो?”

अनुयाताईंनी वाचलं. तो उठतो, दार लावतो आणि आतून कडी घालतो.

“घातली कडी?” हरेशनं विचारलं.

“घातली.”

हरेश खुर्चीत बसला आणि सगळ्यांसमोर ढसाढसा रडला. खलीलभाईंनी त्याच्या हातातली किटली काढून घेतली. त्यांचेही डोळे गळत होते. भांडण कुणी पुढे चालवलं नाही.

नंतर वडे वाटले गेले. काहीतरी बोलायचं म्हणून अनुयाताई म्हणाल्या, “छान झालेत हो. वहिनी करतात का?”

प्रमिलाबाईंचा घास हातातच राहिला.

“करायची. वारली ती, करोनात,” हरेश म्हणाला. “आता मीच करतो. चटनी देऊ अजून?”