कबऱ्याचे ठिपके

मित्रांनो, कोणी विचारलं तर सांगतो, मी बैल आहे. सागाचा, चार चाकांचा, वयानं तुमच्या बाबांएवढा. नाचणगावच्या रूपराव सुतारानं मला घडवलं आणि लाल अंगावर पांढरे ठिपके दिले. म्हणून माझं नाव पडलं कबऱ्या.

आमच्याकडे पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा भरतो. मुलं आपापले लाकडी बैल सजवून तोरणाखाली रांगेत उभे करतात. आधी लहानपणी शौनकनं मला मिरवलं, मग त्याच्या मुलीनं, इलानं. साऱ्या नालवाडीत माझ्यासारखा ठिपकेदार दुसरा नव्हता. गर्व म्हणा हवं तर.

यंदा शौनकचा धाकटा भाऊ साकेत सुट्टीत घरी आला. तो सिनेमा शिकतो. त्याला प्रयोग म्हणून लघुपट करायचा होता, ज्याचं अंग स्वतःच्या ताब्यात राहत नाही अशा एका प्राण्याचा.

"इला, तुहा बैल दे नं. तान्ह्या पोळ्याच्या आत आणून देतो."

"काका, त्याले काई करशीन तं नाई नं?"

"नाई वं, फोटोच काढतो."

फोटोच काढले, हे खरं. पण आधी काचकागदानं माझे ठिपके घासले. चाकं काढली. पाय गुडघ्यात कापून तारेनं जोडले, मानही करवतून तशीच जोडली. मग थोडा पाय हलवायचा, फोटो. थोडी मान, फोटो. असे हजारो. ते भराभर एकामागून एक दाखवले, तेव्हा पडद्यावर मी गुडघे टेकले, उलटा चाललो, मान पाठीकडे फिरवली. त्यातलं एकही पाऊल माझं नव्हतं, मित्रांनो. मला फार भीती वाटली. साकेतच्या मित्रांनी मात्र टाळ्या वाजवल्या.

तान्ह्या पोळ्याच्या सकाळी त्यानं मला परत आणलं. शब्दाचा पक्का! इलानं मला उलटंसुलटं पाहिलं आणि खाली ठेवलं.

"हा कबऱ्या नाई हाय. माहा बैल कुठी हाय?"

"हाच हाय, बेटा. रंग देऊन देतो नं." साकेतचा चेहरा उतरला होता.

इला घराबाहेर पडलीच नाही. तोरणाखाली रांग तिच्याविनाच लागली.

मित्रांनो, दुसऱ्याच्या जिवाभावाचं काही मागून नेलंत, तर त्यावर आपली अक्कल चालवू नका. ज्याला बोलता येत नाही, त्याला तर दहादा विचारा.

आता मी कपाटावर आहे. आठ दिवस झाले. इला अजून पलंगाखाली वाकते, दारामागे बघते, "कबऱ्या, कबऱ्या" करते. मी वरून पाहतो. आणि खरं सांगू, मलाही वाटतं, कुठे गेला असेल बिचारा?