सादकड्याला दिलेली ओ

नकाशावरच्या ठाकुर्लीला जाऊन या गोष्टीतला कडा सापडायचा नाही, तेव्हा कुणी उगाच पायपीट करू नये. ही ठाकुर्ली निराळ्या जगातली. तिथेही कल्याणला आगगाडी येऊन पुष्कळ वर्षं झाली होती, तिथेही ठाण्याचा साहेब हुकूम सोडायचा. पण तिथे खाडीच्या काठावर सादकडा होता.

काळा कातळ, आणि त्याला वरपासून खालपर्यंत बोटभर रुंदीची भोकं. ती कुणी पाडली नव्हती, दगड थिजतानाच पडली होती. चैत्री पौर्णिमेला अख्खा गाव कड्यासमोर उभा राहून आपापलं नाव ओरडायचा. आवाज दगडात मुरायचा आणि वर्षाने, पुढच्या चैत्री पौर्णिमेला, दुपारच्या भरतीचं पाणी खालच्या कपारीत शिरलं की आतल्या हवेबरोबर उसळून बाहेर यायचा. ओरडताना सगळे एकदम गलका करायचे, कोण काय म्हणालं ते शेजाऱ्यालाही कळायचं नाही. कडा मात्र एकेक आवाज सुटा करून द्यायचा. मधल्या वर्षात जो गेला, त्याचाही.

सगुणाचा नवरा गुणाजी श्रावणात तापाने गेला. मिठागरात राबणारा धडधाकट माणूस, बघता बघता होत्याचा नव्हता झाला. तेव्हापासून ती या एका दुपारची वाट बघत होती. आणि रेल्वेच्या खडीसाठी नेमका त्याच दिवशी कडा फोडायचा, असा हुकूम आला. साहेबाला दुसरा मुहूर्त मिळाला नाही! भरतीआधी सुरुंग उडाला असता तर गुणाजीचा आवाज खडी होऊन रुळाखाली गेला असता.

सगुणाने रडारड केली नाही, अर्जविनंत्याही केल्या नाहीत. सकाळीच ती कड्याच्या माथ्यावर गेली आणि सुरुंगाची दारू भरायला पाडलेल्या पहिल्याच भोकावर फतकल मारून बसली. मागोमाग तिची सासू धापा टाकत आली आणि शेजारी उभी राहिली.

मुकादम भिवा घाटावरचा. माणूस वाईट नव्हता, पण साहेबापुढे त्याची बोबडी वळायची.

"बाई, उठा की. दारू भरायचीया मला."

"त्याचा आवाज आयकल्याबिगर मी उठाची नाय, भिवादादा."

"माजी नोकरी जाईल."

"जाईल त जाईल. दुसरी मिलेल. मना ह्यो आवाज दुसरा कुठं मिलेल, सांग तू."

भिवाने दटावलं, मग हात जोडले, शेवटी गडी बोलावले. बाईमाणसाला हात लावायचा कसा, म्हणून गड्यांनी एकमेकांकडे बघितलं आणि तंबाखू मळायला घेतली. ऊन चढलं, कातळाचे चटके बसायला लागले. सगुणा हलली नाही. हट्टी होतीच ती, आणि आज हट्ट करायचा तिला पुरता हक्क होता.

मग खाली पाणी गुरगुरलं आणि आवाज सुटायला लागले. धोंडीबा. कलावती. खालच्या गर्दीत कुणी आपलाच आवाज ऐकून हसत होतं, कुणी दुसऱ्याचा ऐकून डोळे पुसत होतं. सगुणा कान टवकारून बसली होती, पण 'गुणाजी' काही येईना. भरती सरत आली.

आणि तो आला. आवाज त्याचाच, जरासा घोगरा. नाव मात्र त्याचं नव्हतं.

"सगुणाऽऽ!"

खालच्या गर्दीने माना वर केल्या. नवऱ्याने चारचौघांत बायकोला नावाने हाक मारायची त्या गावात रीत नव्हती. सगळ्या संसारात गुणाजी तिला "अगं ए"च्या पुढे काही म्हणाला नव्हता. बिचाऱ्याने त्या गलक्यात हौस भागवून घेतली होती आणि घरी येऊन चकार शब्द काढला नव्हता. सगुणाला आनंद आणि दुःख एकदमच झालं.

ती दगडाशी वाकलेली बघून सासू ओरडली, "ओ देऊ नको गो! मेल्या मानसाचे हाकेला ओ दिली त तो संगती नेतो!"

सगुणाने शेजारच्या, कड्याच्या बोटभर भोकाला तोंड लावलं.

"ओऽऽ!"

ओ खोल आत गेली. भिवाने सुस्कारा सोडला.

"ऐकलंसा न्हवं? उठा आता. सबूद दिलाय तुमी."

"दिलाय. पन आता माजी ओ आतमधी हाय. ती भायेर येल पुढल्या पुनवेला. तवर कडा फुटाचा नाय."

"म्हंजी वरीसभर बसनार?"

"बसन."

"आन् ती ऐकायला कोन येनार हाय, बाई?"

सासू आतापर्यंत उभीच होती. लेकाने आईला हाक मारली नाही, बायकोला मारली, हे तिला लागलं होतं. तिच्या तोंडावर ते स्पष्ट दिसत होतं. तिने एकदा सुनेकडे बघितलं, लुगडं सावरलं आणि दारूच्या दुसऱ्या भोकावर जाऊन बसली.

"तो येल," ती भिवाला म्हणाली. "बायकोची ओ आयकाला तो येल. आन् तवा मी हयाच, ह्या कड्याव पायजे."