गोमतीबाईची गाणी

केनवडजवळच्या तांड्यात लग्नाची गाणी म्हणावी ती गोमतीबाईनंच. मागच्या वर्षी तिच्या घशाचं ऑपरेशन झालं आणि आवाज कायमचा गेला. ऑपरेशनच्या आधी सून रुपाबाईनं तिची गाणी रेकॉर्ड करून एका पेन ड्राइव्हवर ठेवली होती. आता तो पेन ड्राइव्हच उघडेना. तो घेऊन दोघी रिसोडला वैभवीच्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात आल्या.

वैभवीनं तो लॅपटॉपला लावला. पडद्यावर पेन ड्राइव्हचं नाव दिसलं, पण आत जागा शून्य.

"याले चालवणारा आतला प्रोग्राम खराब झाला," ती म्हणाली. "तो नवीन टाकला त पेन ड्राइव्ह चालू होईन. पण आतलं सारं पुसून जाईन."

"मंग आमी त्याले काय करू?" रुपाबाई म्हणाली. "नवा त कुठंबी भेटते."

गोमतीबाईनं पेन ड्राइव्ह उचलला आणि पदराला बांधायला घेतला.

"थांबा, आजी. एक गोष्ट करून पायतो. आठ दिवस ठेवा माह्यापाशी."

पुसून चालू करणं वैभवीचं रोजचं काम होतं. काहीही न पुसता, गाणी काढण्यापुरता तो प्रोग्राम चढवायचा, हे मात्र तिनं कधी केलं नव्हतं. तिनं भंगारातून तसलेच दोन बंद पेन ड्राइव्ह शोधून आधी त्यांच्यावर हात बसवला. पहिला वाया गेला. दुसऱ्यातून कोणाच्यातरी बारशाचे फोटो निघाले, तशी ती दुकानात एकटीच ओरडली, "जमलं!"

आठ दिवसांनी दोघी परत आल्या तेव्हा तिनं त्यांच्या पेन ड्राइव्हचं कवच उघडलं. चिमट्यानं आतल्या चिपचे दोन बारीक पाय जोडून धरत तिनं पेन ड्राइव्ह लावला, प्रोग्राम चढवला. पडद्यावर गाण्यांची यादी उमटली. दोन उघडलीच नाहीत. बाकी सगळी लॅपटॉपवर उतरली.

तिनं पहिलं गाणं लावलं. स्वतःचा भरदार आवाज ऐकून गोमतीबाईनं गळ्यावर हात ठेवला. डोळे भरून आले, मग ती हसली.

रुपाबाई हळूच सोबत गायला लागली. दुसऱ्या ओळीला गोमतीबाईनं तिच्या मांडीवर थाप मारून तिला थांबवलं.

"चुकलं काय, सासूबाई?"

गोमतीबाईनं होकारार्थी मान हलवली आणि बोटानं वैभवीला खूण केली. वैभवीनं गाणं पहिल्यापासून लावलं.